शेजारणीची भिंत

तिसऱ्या मजल्याचा जिना चढता चढता मोजणीदाराने हिशेब मांडला. जमेला : बदली टळणार. खर्चाला : एक रविवार, फार तर दोन, आणि दुपारची झोप. सौदा वाईट नव्हता. बावीस वर्षं लोकांच्या जमिनी मोजणाऱ्या माणसाला, समोरच्याची हद्द कुठे मऊ आहे एवढं तर कळतंच.

समोरचा म्हणजे यादीवाला. ऑफिसातल्या बदल्यांची यादी याच्या टेबलावर तयार होई, म्हणून हे नाव. सही साहेबांची, पण सही करताना साहेब यादी वाचत नसत, यादीवाल्याचं तोंड वाचत. मोजणीदार आणि तो एकाच दिवशी नोकरीला लागलेले, वर्षानुवर्षं एकमेकांच्या डब्यात हात घातलेले. मैत्री खोटी नव्हती. तरी सात महिन्यांपूर्वी यादीवाल्याची बायको गेली, आणि तेव्हापासून मोजणीदार त्याच्या घराकडे फिरकला नव्हता. दुःखातल्या माणसाशी काय बोलायचं ते त्याला कळत नसे, आणि जिथलं काही कळत नाही तिथे फीत टाकायची नाही, हा त्याचा धंद्यातला नियम.

"वहिनी गेल्यापासून एकदा तरी गेलात का त्यांच्याकडे?" बायको अधूनमधून विचारायची.

"ऑफिसात रोज भेटतो की."

"ऑफिसात भिंतीसुद्धा भेटतात तुम्हाला."

मग बातमी आली, की या खेपेच्या यादीत मोजणीदाराचं नाव आहे. लांबच्या डोंगराळ कचेरीत, निदान पाच वर्षं. एकटा असता तर तो शीळ घालत गेला असता. पण घरात आई होती. तिची नजर जाऊन सहा वर्षं झाली होती आणि ती घर पावलांनी ओळखायची. पलंगापासून न्हाणीघर चौदा, न्हाणीघरापासून स्वयंपाकघर नऊ, तिथून खिडकीतली खुर्ची सहा. नव्या घरात ती एका जागी बसेल ती बसेल, हे त्याला माहीत होतं आणि तिलाही. "मला कुठं नेऊ नकोस रे," एवढंच ती म्हणाली होती.

म्हणून शुक्रवारी सकाळी त्याने यादीवाल्याला चहाच्या टपरीवर गाठलं आणि एका दमात सगळं सांगून टाकलं. यादीवाल्याने कप रिकामा केला, उलटून बघितला.

"बघू," तो म्हणाला. "रविवारी दुपारी घरी ये. माझ्याबरोबर एक डाव खेळ."

मोजणीदाराला वाटलं, पत्त्यांचा.

दार उघडल्यावर यादीवाल्याने त्याला सरळ आतल्या खोलीत नेलं. खिडकीला लागून टेबल, टेबलावर कॉम्प्युटर, खुर्चीवर पातळ निळी उशी. बाहेरच्या खोलीत असाच दुसरा कॉम्प्युटर होता आणि दोघांना जोडणारी तार उंबऱ्यावरून, चिकटपट्टीने दाबून, आत आलेली होती.

"हे काय, दुकान टाकलंस का?"

"बस. तू इथे, मी बाहेर. दार उघडंच ठेवायचं, म्हणजे बोलता येतं. आता 'घरच्या नेटवर्कवरचा डाव' असं लिहिलंय ना, त्याच्यावर दाब. माझा डाव दिसला?"

"दिसला. नाव विचारतोय."

"मग लिही."

मोजणीदाराने एका बोटाने 'मोजणीदार' असं लिहिलं. पडद्यावर उत्तर आलं : या नावाचा खेळाडू या डावात नाही.

"घेत नाही रे हा. आपल्या ऑफिसात कामाला होता का?"

बाहेरून हसू आलं नाही. फक्त यादीवाल्याचा आवाज आला. "चालू डाव आहे. अर्ध्यात नवा माणूस घेत नाहीत. तिचं लिही."

"वहिनींचं?"

"शेजारीण असं लिही. मी शेजारी, ती शेजारीण. सत्तावीस वर्षं झाली लग्नाला तेव्हा म्हणाली, नवरा-बायको तर घरात आहोतच, इथे तरी जरा शेजाऱ्यासारखे बरे वागू."

मोजणीदाराने लिहिलं. डाव उघडला.

खेळ समजायला अवघड नव्हता. मधून नदी, दोन काठांवर दोन गावं, मध्ये एक पूल. माणसं कामाला लावून लाकूड तोडायचं, दगड फोडायचा, धान्य पिकवायचं, घरं उठवायची. अधूनमधून उत्तरेकडून लुटारू येत. त्यांना कॉम्प्युटर स्वतः चालवी. दोन्ही गावांनी मिळून त्यांना पुरून उरायचं. यादीवाल्याचं गाव त्याच्या यादीसारखंच होतं, घराखाली घर, ओळीने. शेजारणीचं गाव म्हणजे भिरकावलेले चिंचोके होते. विहिरीपासून लांब शेत, शेताच्या मध्ये घर, घरापुढे उगीच बाग. आणि भोवती दगडी भिंत. मोजणीदाराची नजर तिच्यावरून फिरली आणि त्याच्या दाढा आवळल्या. अकरा वळणं. एका झाडोऱ्याला वळसा घालून ती पार बाहेर जायची आणि परत यायची. शिवाय नदीच्या बाजूला, पुलासमोर, चार हात उघडीच.

"शिपाई कुठायत हिचे?"

"नाही ठेवले. म्हणायची, खातात फार आणि करत काही नाहीत. लुटारू आले की माझे घोडेस्वार पूल ओलांडून जायचे. ती मला धान्य पाठवायची."

"म्हणजे फुकटचा पहारा."

"फुकट कुठला. स्वार जरा उशिरा पोचले की आतून बोलणी." बाहेर खुर्ची सरकली. "तू फार काही करू नकोस. शेतावरचे लोक रिकामे बसले की कामाला लाव. बस एवढंच."

तो रविवार गेला. निघताना मोजणीदाराने चपला घालत विषय काढला. "ते आपलं यादीचं…"

"बघू," यादीवाला म्हणाला. "पुढच्या रविवारी येतोस ना?"

मोजणीदाराने ओळखलं, की एका रविवारात भागणारं काम नाही हे. खर्चाची बाजू त्याने मुकाट्याने वाढवली. दुसऱ्या रविवारीही तेच. आत बसून दुसऱ्याच्या बायकोच्या गावातले रिकामे लोक हाकायचे, बाहेरून "धान्य पाठव गं," असं ऐकू यायचं. मोजणीदार ऐकलं न ऐकलं करून धान्य पाठवायचा. निघताना पुन्हा "बघू".

तिसऱ्या रविवारी दूध संपलेलं निघालं.

"खाली जाऊन येतो," यादीवाला म्हणाला. "डाव चालूच राहू दे, दहा मिनिटं लागतील."

दार ओढल्याचा आवाज आला आणि मोजणीदार त्या भिंतीबरोबर एकटा राहिला. वाकडी हद्द बघून त्याचा हात शिवशिवला नाही, असं बावीस वर्षांत कधी झालं नव्हतं. पण लोकांच्या जमिनीवर ती सरळ करायचा हक्क त्याला नव्हता. इथे होता. शिवाय त्याने विचार केला तो शहाण्या माणसासारखाच केला. गाव मजबूत झालेलं बघून यादीवाला खूश होईल, आणि खूश माणसासमोर विषय काढायला बरा. त्याने झाडोरा तोडायला लावला. अकराही वळणं पाडली. कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत सरळ रेघ मारली, तेवढ्याने तिसरा हिस्सा दगड वाचला. वाचलेल्या दगडातून नदीकडची उघडी जागा बुजवून टाकली. काम नेटकं झालं. नकाशावर लावण्यासारखं.

यादीवाला परत आला. त्याने स्वयंपाकघरात आधण ठेवलं, बाहेरच्या खोलीत खुर्ची ओढली. तो टेकतोय तोवर उत्तरेकडून शिंग वाजलं.

"आले," तो म्हणाला, आणि त्याच्या आवाजात तीन रविवारांत पहिल्यांदा जीव आला. "घाबरू नकोस. लोकांना बाजारात गोळा कर. मी निघालो."

लुटारूंनी भिंतीचं उत्तरेकडचं लाकडी दार फोडलं. पहिली दोन घरं पेटली. मोजणीदाराने पडद्याच्या खालच्या बाजूला पाहिलं. यादीवाल्याचे स्वार रांगेने पूल ओलांडून आले होते आणि पुलाच्या तोंडाशी थांबले होते. घोडे डावीकडे गेले, उजवीकडे आले, पुन्हा तिथेच.

"हे पुढे का जात नाहीयेत?" बाहेरून आवाज आला. "आत येता येत नाहीये मला."

मग तो दारातच येऊन उभा राहिला. उंबऱ्याच्या बाहेरच.

"इथे वाट होती."

"उघडीच होती," मोजणीदार म्हणाला. "म्हटलं, कुणीही घुसेल. बुजवली."

"ती माझी वाट होती रे."

मोजणीदाराने भिंत पाडायला माणसं धाडली. दगडाची भिंत, उठायला वेळ लागला होता तसा पडायलाही लागणार होता. दोघं नुसते बघत राहिले. बाग जळली. विहिरीजवळचं घर जळलं. बाहेर उन्हात घोडे उभे. वहिनींच्या शेवटच्या अकरा दिवसांत आत कुणालाच सोडत नव्हते, आणि हा माणूस दवाखान्यात काचेच्या दाराबाहेर बाकावर बसून होता, हे मोजणीदाराला माहीत होतं. ऑफिसात ऐकलं होतं. नुसतं ऐकलंच होतं.

पडद्याच्या कोपऱ्यात अक्षरं उमटली : डाव जतन झाला.

"म्हणजे काय?"

"दर पाव तासाने आपोआप होतो. आधीच्या जागी नवा."

"जुना ठेवला असशील ना कुठे तरी? ऑफिसात एका यादीच्या चार प्रती काढतोस तू."

"घरात कशाला काढू प्रती?" यादीवाला म्हणाला. रागाने नाही. खरंच विचारल्यासारखा.

घरातलं स्टूल कुणी हातभर सरकवलं तर आईला लागतं म्हणून बायकोवर दोन दिवस धुसफुसणारा मोजणीदार. त्याने निळ्या उशीवर बसून दुसऱ्याचं आख्खं घर सरकवून ठेवलं होतं. 

"आधण आटलं असेल," यादीवाला म्हणाला आणि स्वयंपाकघरात गेला.

चहा दोघांनी उभ्याउभ्याच घेतला. बदलीचा विषय त्या दिवशी मोजणीदाराने काढला नाही. निघताना यादीवाल्यानेच विचारलं, "आई बऱ्या आहेत ना?"

सोमवारी यादी फळ्यावर लागली. मोजणीदाराने ती वरून खाली वाचली, मग खालून वर. त्याचं नाव नव्हतं. तो सुटकेचा श्वास सोडणार तोच नजर तारखेवर गेली. तारीख चहाच्या टपरीवरच्या त्या शुक्रवारची होती.

"यादी आता लागली तरी सही तेव्हाच झाली होती, साहेब," फळ्याला टाचण्या लावणारा शिपाई म्हणाला. "दुपारी चार वाजता मीच फाईल नेली आत."

मोजणीदार यादीवाल्याच्या टेबलाशी गेला. टेबलावर कागदांचे चार गठ्ठे, चारही सारखे.

"त्याच दिवशी झालं होतं तर सांगितलं का नाहीस?"

यादीवाल्याने मान वर केली नाही. "सांगितलं असतं तर रविवारी आला असतास?"

 मोजणीदार आपल्या जागेवर गेला.

चौथ्या रविवारी जिना चढताना त्याने जमेला काही धरलं नाही, कारण धरायला काही उरलंच नव्हतं. बायकोने "आज कशाला?" असं विचारलं तेव्हा तो "असंच," म्हणाला होता.

यादीवाल्याने दार उघडलं, त्याच्याकडे जरा पाहिलं आणि बाजूला झाला. "नवा डाव लावतोय. तो नाही उघडत आता."

"का, बिघडला?"

"उघडतो. मी उघडत नाही."

मोजणीदार आत जाऊन बसला. नेटवर्कवरच्या डावावर दाबलं. नाव विचारल्यावर त्याची बोटं थांबली.

"काय लिहू?"

"तुझंच लिही. या डावात घेतील."

घेतलं. नवी नदी, नवं रान. यादीवाल्याने दक्षिणेच्या काठावर पहिलं घर ठोकलं. मोजणीदाराने पुलासमोरची सपाट जागा हेरली, तिथे पाण्याचीही सोय होती, आणि आपला पहिला माणूस तिकडे वळवला.

"तिथे नको," बाहेरून आवाज आला. "जरा वर बस. टेकडीपाशी."

"तिथे दगड नाहीत."

"मी देतो की. पण समोर नको."

शेजारणीचं गाव पुलासमोरच होतं. मोजणीदाराने माणूस परत फिरवला. टेकडीपाशी दगड नव्हते, पाणी लांब होतं, जमीन उताराची होती. त्याने तिथेच घर बांधलं. बाहेरून दगडांच्या गाड्या येत राहिल्या. दोघांची गावं वाढली, शेतं वाढली, दुपार कलली. पुलासमोरच्या काठावर दोघांपैकी कुणी झाड तोडलं नाही, कुणी खांब रोवला नाही.

हिशेब असा झाला, की मोजणीदाराची नोकरी गावातच राहिली, त्याच्या आईचं घर जागच्या जागी राहिलं आणि यादीवाल्याला रविवारी खेळायला माणूस मिळाला. तिघांचं भागलं. पैसा कुणाचाच गेला नाही. सगळ्यांचं मिळून जे गेलं, ते या सगळ्यात जिला कुणी काही विचारलं नव्हतं त्या शेजारणीच्या खात्यावर पडलं.