अंबूचं राहिलेलं काम

माझी बायको अंबू वारली, तेव्हापासून ती दुपारी येते. मी साताऱ्याला एका कारखान्यात रातपाळीचा वॉचमन आहे, त्यामुळे माझी झोप दुपारची. डोळा लागला की ती उंबऱ्यावर बसलेली असते, तोंड बाहेर करून. लुगड्याला मेंढरांच्या लोकरीचा वास. एकच विचारते, "आवं, आटपाडीला जाऊन आलासा का?" मी म्हणतो, उद्या जातो. बरं म्हणते आणि मी जागा होईपर्यंत तशीच बसते.

आटपाडीच्या माळावरची एक एकर जमीन तिच्या नावावर होती. ती तिनं स्वप्नालीला, तिच्या भावाच्या मुलीला, द्यायची ठरवली. स्वप्नालीला नवऱ्यानं टाकलं, ती तिथंच छपरात राहून शेरडं राखते. बक्षीसपत्र तयार झालं. अंबूनं अंथरुणात बसून साक्षीदारांसमोर अंगठा उठवला. नोंदणीला जायचं तर त्याच आठवड्यात ती गेली.

आम्हाला मूलबाळ नाही. वकील म्हणाले, आता वारस तुम्हीच. चार महिन्यांच्या आत जाऊन अंगठा तिचाच आहे असं सांगा, नोंदणी होईल. मी उद्या-परवा करत राहिलो. स्वप्नालीला वाटलं, मामांना जमीन सोडवत नाही. तसं नव्हतं. काम झाल्यावर अंबू कशाला येईल, एवढंच मला वाटत होतं.

मुदत संपत आली तशी स्वप्नाली साताऱ्याला आली. जमिनीचं नाव काढलं नाही. भाकरी करून मला वाढली आणि दाराशी उभी राहिली. मग तिच्याबरोबर निघालोच.

रातपाळी करून तसाच गाडीत बसलो होतो. आटपाडीच्या कचेरीत सगळं पाण्याखाली असल्यासारखं दिसत होतं. पंखा सावकाश फिरत होता, माणसांचे आवाज लांबून येत होते. निबंधक एक तरुण बाई होत्या. ह्यांनी नाही म्हणावं, एवढंच मी मनात धरून होतो.

मी म्हणालो, अंगठा पुसट आलाय. त्या म्हणाल्या, असू दे, तुम्ही ओळखता ना. जमीन नुसती खडकाळ आहे म्हणालो. ते बघायचं काम त्यांचं नव्हतं. अंबूच्या भावांना हे पसंत नाही म्हणालो. त्यांनी कोर्टात जावं, त्या म्हणाल्या. शेवटी म्हणालो, ती आजारी होती, तिला कळत होतं का नाही कोण जाणे. तेव्हा स्वप्नालीनं माझ्याकडं पाहिलं.

मागचा कारकून म्हणाला, "आजोबा, लोक हितं नोंद करा म्हणून भांडत्यात. तुमी करू नका म्हणून भांडाया लागलाय." दोघं-तिघं हसले.

बाई हसल्या नाहीत. "काका, अंगठा तिचा नाही म्हणालात तर मला नाकारावंच लागेल. तिचा आहे म्हणालात तर नाकारता येणार नाही."

"तुमी सायेब हाय. नुसतं न्हाई म्हणा की."

"मला वाटलं म्हणून नाही म्हणता येत नाही. कारण लिहावं लागतं. काय लिहू?"

खिडकीबाहेर ऊन पांढरं पडलं होतं आणि त्यातून मेंढरं चालली होती. त्यांचा आवाज येत नव्हता. कागदावरचा तो अंगठा जरा तिरका होता. तिचा हात मीच धरला होता, तिला उचलवत नव्हता म्हणून. तिचा नाही असं कुठल्या तोंडानं म्हणणार?

"तिचाच हाय," मी म्हणालो.

त्यांनी कॅमेऱ्यात माझा फोटो काढला, माझा अंगठा घेतला. पुढचं लवकर झालं. स्टँडवर स्वप्नाली माझ्या पाया पडली. पदरात बांधलेली चिंचेची पुडी तिनं माझ्या पिशवीत टाकली आणि ती शेरडांकडं गेली.

परतीच्या गाडीत गर्दी नव्हती. दहिवडीच्या पुढं डोळे मिटायला लागले. उंबऱ्यावर ती नसली तर? मी उठलो आणि वरचा दांडा धरून उभा राहिलो. कंडक्टर म्हणाला, जागा हाय की मामा, बसा.

मी साताऱ्यापर्यंत उभाच राहिलो.