नानांच्या ओठावरची मिशी

मित्रांनो, मी एक जुनी मिशी आहे, खोटी. कुणा अनोळखी माणसाचे केस जाळीवर गुंफून मला केलं. मला बघून नाक मुरडलंत तरी चालेल. मला स्वतःचीच किळस येते. चाळीस वर्षांचा गोंद, घाम आणि बटाटेवड्याचं तेल माझ्या मुळाशी बसलंय.

पंचवटीतल्या वेणीमाधवनानांनी मला करवून घेतलं. भटजींच्या घरातला हा मुलगा सिनेमात हवालदार झाला, पोस्टमन झाला, नवरीचा मामा झाला. "साहेब, गाडी तयार आहे," एवढंच बोलण्यात त्यांचं अर्धं आयुष्य गेलं. काम संपलं की मला पुसून, विंचरून पानाच्या डबीत ठेवायचे. त्यांच्या आई, गोदावरीबाई, टीव्हीकडे बोट दाखवून शेजारणींना सांगायच्या, "तो मागे उभा आहे ना, तो आमचा वेणू." तेवढ्या कौतुकावर आम्ही दोघं जगलो.

पुढे गंगापूर रोडवरच्या एका भाड्याच्या बंगल्यात मालिकेचं शूटिंग सुरू झालं. नाना त्यात ड्रायव्हर. गेल्या महिन्यात गोदावरीबाई गेल्या. दहाव्याला नानांना केस काढायचे होते. आदल्या दिवशी मालिकेची सहायक दिग्दर्शिका आभा हिचा फोन आला.

"नाना, सॉरी हं, पण केस काढू नका. कंटिन्युइटी जाते, आधीच्या सीनशी जुळत नाही. काढलेत तर मला दुसरा माणूस उभा करावा लागेल."

"अगं, आई गेलीय माझी."

"कळतंय हो. पण वरून प्रेशर आहे."

नानांनी रामकुंडावर केस काढले. संध्याकाळी पुन्हा फोन. "नाना, मिशी तेवढी पाठवता का? लोकांच्या ओळखीची आहे."

मला वाटलं, आता ते मला गोदेत सोडतील. त्यांनी मला पाठवून दिलं. आईसाठी काढलेले केस सोडले, तर जन्मभर कुणाला नाही म्हणता आलं नाही या माणसाला. त्या भिडेचीही मला शिसारी आली.

जनरेटर सांभाळणाऱ्या झुंबरच्या तंबाखूने बरबटलेल्या ओठावर मला चिकटवलं. जुना गोंदही कुणी पुसला नाही. त्याला बोलू दिलं नाही, नुसतं मागे उभं केलं. भाग दाखवले गेले आणि एकाही प्रेक्षकाला फरक कळला नाही.

आठवड्याने नाना डबी घेऊन मला न्यायला आले, डोक्यावर टोपी. तेवढ्यात त्यांच्या धाकट्या बहिणीचा, वत्सलाबाईंचा फोन आला. नानांना कमी ऐकू येतं, म्हणून त्यांच्या फोनचा आवाज मोठाच असतो.

"दादा, कालचा भाग बघितला रे. आधीचंच शूटिंग ना ते? केसांसकट किती बरा दिसत होतास. आई असती तर बोट दाखवलं असतं तिने."

नाना झुंबरकडे, म्हणजे माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "हो, आधीचंच." मला न मागताच ते निघाले. रिकामी डबी त्यांच्या हातातच होती. आभाने चहासुद्धा विचारला नाही.

मित्रांनो, मला जपा असं मी सांगणार नाही. माझीच जपणूक फार झाली. मालिकेत मागे कुणी उभा दिसला, तर मिशीच्या जरा वर बघत जा. तिथे कुणाचा तरी वेणू असतो. आणि तो नसेल, तर तो नाही एवढं तरी ओळखा.