ज्याची चूक त्याचा हात

बुडालेली होडी ओढून काठच्या उतारावर घेतली, तेव्हा ती चालवणाऱ्या मुंगीने सगळ्यात आधी मागच्या भोकात बोट घातलं. आत साचलेलं पाणी काढायला ते भोक असतं. पाण्यात उतरण्याआधी त्यात बूच बसवायचं. बूच नव्हतंच.

ओल्या कपड्यांनिशीच सगळे गोल करून बसले. शिडाची होडी शिकवणाऱ्या या वर्गाची रीतच होती ती. पाण्यावरून परतलं की गोलात बसायचं आणि ज्याची चूक झाली त्याने आपणहून हात वर करायचा. “शीड कुणीही शिकवेल, आम्ही इथे माणूस घडवतो,” हे सरांचं लाडकं वाक्य. पालकसभेत त्यावर टाळ्याही पडत.

“दोन मुली आज थोडक्यात वाचल्या,” सर म्हणाले. “सुकाणू कुणाकडे होतं?”

सगळ्यांनी मुंगीकडे पाहिलं. तिची जोडीदारीण टॉवेल गुंडाळून कुडकुडत होती.

सकाळी ती होडी सरांनीच धुतली होती. ‘बूच लावलंय, सगळं ठीक आहे, निघा,’ असं तेच म्हणाले होते. आणि आता त्यांच्या जॅकेटच्या खिशातून बुचाची लाल दोरी लोंबत होती. ते सांगतील, या भरवशावर मुंगी गप्प राहिली. वेडीच ती. सरांनी खाली पाहिलं आणि दोरी बोटाने आत सारली.

“मोठ्या जहाजावरच्या सफरीची निवड उद्या आहे. चूक कबूल न करणारं पोर मला तिथे नको.”

त्या सफरीसाठी मुंगी वर्षभर सगळ्यांच्या होड्या घासत आली होती. तिने हात वर केला.

सरांचा जीव भांड्यात पडला.

“शाब्बास! बघा रे, याला म्हणतात...”

“चूक माझीच आहे, सर. बूच लावलंय असं तुम्ही म्हणालात, आणि मी हात लावून बघितलं नाही.”

सगळ्यांनी मिठाची गुळणी धरली. जोडीदारणीनेही.

“बस खाली,” सर म्हणाले.

निवडीत मुंगी नव्हती. तिच्या होडीवरही दुसरी मुलगी आली. ‘मुंगीने जरा घरी बसून विचार करावा,’ असं सरांनी तिच्या आईला कळवलं होतं.

पुढच्या वर्गाला सर उतारावरून ओरडले, “सगळं ठीक आहे, निघा!”

काठावरची एकही होडी हलली नाही. मुलं मुकाट्याने मागे वाकली आणि प्रत्येकाने भोकात बूच आहे का ते बोट लावून पाहिलं.