दारापुढचे पाच फूट

विजयकुमार ओगले हवाई दलात तीस वर्षं होते. शेवटची बदली चंदीगडला झाली आणि ते तिथलेच होऊन गेले. शेजारच्या झिरकपूरला तेव्हा सगळी शेतं होती. त्यांनी रस्त्याकडेला एक प्लॉट घेतला आणि घर बांधायला काढलं. कुंपणाची आखणी होती त्या दिवशी उर्मिलाबाईंनी एकच मागणं मागितलं. हद्दीच्या दगडापासून भिंत पाच फूट आत घ्यायची.

"सकाळी फाटकाबाहेर सडा घालायचा, रांगोळी काढायची, ती आपल्या जागेत हवी. सरकारच्या रस्त्यावर कशाला?"

समोर हरबन्ससिंगांच्या हार्डवेअरच्या दुकानाचं बांधकाम चाललं होतं. ते कमरेवर हात ठेवून बघत राहिले. "ओगले जी, दुनिया दीवार बाहर सरकाती है, आप ज़मीन बाहर फेंक रहे हो! इसे बोलते हैं मराठी दिमाग?"

सगळे हसले, ओगलेही. पुढे हरबन्ससिंगांच्या बाजूची दुकानांची सगळी रांगच पाच फूट बाहेर, रस्त्यावर सरकली. ओगल्यांना ते दिसलं होतं, पण शेजाऱ्याला काय बोलायचं! काही वर्षांनी डांबर घालायला माणसं आली. त्यांनी थेट ओगल्यांच्या भिंतीपर्यंत डांबर ओतलं, हद्दीचा दगडही त्यातच गेला. धूळ जाईल म्हणून ओगल्यांना बरं वाटलं. त्यांनी सगळ्यांना चहा पाजला.

यंदा रस्ता साठ फुटी करायचं ठरलं.

समोरासमोरच्या भिंतींमधलं अंतर मोजून रस्त्याचा मध्य काढला, आणि मध्यापासून दोन्हीकडे तीस-तीस फूट. ओगले पाच फूट आत, समोरचे पाच फूट बाहेर, त्यामुळे मध्यच पाच फूट ओगल्यांकडे सरकला. दगडापासून मोजलं असतं तर नवी रेघ व्हरांड्यातून गेली असती. आता ती पुढच्या खोलीत चार फूट शिरत होती.

आणि पुढच्या खोलीत उर्मिलाबाई होत्या. दोन वर्षांपूर्वी अर्धांगवायूचा झटका आला, उजवा हात गेला, बोलणं दोन-चार शब्दांवर आलं. जिना चढता येत नव्हता. पलंग खिडकीशी लावला होता, शेजारीच खास त्यांच्यासाठी बांधलेलं न्हाणीघर होतं. खिडकीतून फाटकाबाहेरची जागा दिसायची. रोज सकाळी ओगले तिथे कशीबशी रांगोळी काढत आणि त्या आतून मान हलवून चुका दाखवत. मोबदला मिळणार होता, खोली मिळणार नव्हती.

ओगल्यांनी हरकत नोंदवली. सुनावणीला मुलगी प्राची मोहालीच्या ऑफिसातून रजा घेऊन आली. ओगल्यांनी खरेदीखत नेलं होतं. त्यात प्लॉटची लांबी पूर्ण लिहिलेली होती. शिवाय अल्बम नेला होता. तेवीस दिवाळ्या, तेवीस रांगोळ्या, प्रत्येक फोटो फाटकाबाहेरचा.

अधिकारी तरुण होता, अदबीचा. एकेक पान हळूच उलटून बघत होता. "बहुत सुंदर, सर. पर ये तो सड़क पर बनी है ना? पीछे डामर दिख रहा है."

"ती आमची जागा आहे," ओगले गडबडीत मराठीतच बोलले. मग सावरून म्हणाले, "हमारी ज़मीन है. हमने खुद छोड़ी थी."

"छोड़ी थी, आप ही कह रहे हैं." त्याला स्वतःलाच अवघडल्यासारखं झालं. "हद का पत्थर दिखा दीजिए."

"डामर के नीचे है."

"तो परमिशन लेकर खुदवाइए."

"परमिशन किससे लेनी है?" प्राचीनं विचारलं.

"जी... हमीं से. दो-तीन महीने लगेंगे. काम अगले हफ्ते शुरू है."

"ये क्या मज़ाक है, सर!"

ओगल्यांनी तिचा हात दाबला. फोटोंवर बोटांचे ठसे उमटले असतील म्हणून त्यांनी अल्बम रुमालानं पुसला आणि पिशवीत ठेवला. चंदीगडच्या वकिलांनी फोनवर एकच वाट सांगितली. दगड नसेल तर दगड पाहिलेला साक्षीदार आणा.

दगड पाहिलेला माणूस एकच होता. संध्याकाळी ओगले रस्ता ओलांडून दुकानात गेले. हरबन्ससिंगांनी सगळं ऐकून घेतलं. पगडीखाली बोट घालून खाजवत राहिले.

"पत्थर मैंने देखा था, भाई साहब. वाहेगुरु की कसम, देखा था." मग मागच्या रॅककडे हात केला. "पर सच बोलूँ तो लाइन पाँच फुट मेरी तरफ. ये सारी दुकान. दोनों लड़के इसी पर हैं."

"समझता हूँ," ओगले म्हणाले.

"आप गुस्सा तो करो यार, ओगले जी! मुझे गाली दो!"

ओगल्यांना शिवी सुचेना. ते चहा न घेताच परतले.

सोमवारी पटवारी, म्हणजे तिकडचा तलाठी, माप घ्यायला आला. त्याचा मदतनीस आला नव्हता. "साहब, फीते का सिरा ज़रा पकड़ेंगे?" त्यानं विचारलं, आणि ओगल्यांनी सवयीनं टोक धरलं. प्राची दारात उभी होती. "पापा, आप क्यों पकड़ रहे हो? छोड़ दीजिए ना!"

"अगं, वाकडं माप झालं तर आणखी जाईल."

पटवाऱ्यानं चिमटीत चुना घेतला आणि फरशीवर रेघ ओढायला सुरुवात केली. रेघ न्हाणीघराच्या उंबऱ्यापासून निघाली, पलंगाखालून गेली, खुर्चीपाशी थांबली. उर्मिलाबाई उशीवरून मान वळवून बघत होत्या. चिमटीतून पांढरी पूड सांडताना पाहून त्यांचा चेहरा एकदम उजळला.

"दिवाळी?" त्यांनी विचारलं.

ओगल्यांच्या हातात टेपचं टोक होतं. पटवारी बिचारा चुन्याचा हात तसाच धरून उभा राहिला.

उर्मिलाबाईंनी रेघ पुन्हा नीट पाहिली. कपाळाला आठी घातली. डावा हात उचलून पलंगाच्या पायाकडे दाखवला.

"वाकडी," त्या म्हणाल्या. "पुसा."

ओगले गुडघ्यांवर बसले. रुमाल काढला, आणि पटवाऱ्याकडे पाहिलं. पटवाऱ्यानं मान खाली घातली आणि हळूच नकार दिला. ते तसेच बसून राहिले, रुमाल हातात धरून, आणि उर्मिलाबाई वरून वाट बघत राहिल्या.