वासाचा पत्ता

माझा स्वभाव संशयी आहे, हे टाकवे बुद्रुकमध्ये कुणाला वेगळं सांगावं लागत नाही. दूधवाल्यानं दूध घातलं की मी बोट बुडवून बघते. भाजीवाली वांगी तिच्या हाताने निवडायला लागली की मी टोपली माझ्याकडे ओढते. निवृत्ती, म्हणजे माझा नवरा, "जरा कान्हे स्टेशनला जाऊन येतो" म्हणाला की कशाला, कुणाकडे आणि परत केव्हा, हे तिन्ही विचारते. तो म्हणतो, "तू पोलिसात जायला पायजे हुतीस." गावातल्या बायकांनी मला बचत गटाची अध्यक्ष केलं ते याच गुणासाठी. वरती संशयी बाई बसवली की खाली गडबड होत नाही, असा त्यांचा अंदाज.

गटाचा धंदा तांदळाचा. प्रत्येकीनं आपल्या खाचरातलं इंद्रायणी भात भरडून आणायचं, पोत्यात भरायचं आणि पोत्याचं तोंड स्वतःच्या जुन्या साडीच्या चिंधीनं बांधायचं. नावगाव लिहायची गरज नाही. लाल काठाची चिंधी माझी, निळी अंबूबाईची, पोपटी भामाबाईची. ही पोती लोणावळ्याला राजेंद्रच्या दुकानात जातात. तो एकेक पोतं फोडून पाकिटं भरतो. पाकिटावर छापलेलं असतं, 'आंदर मावळचा सुवासिक इंद्रायणी'. या वर्षी पहिलं पोतं माझं फुटलं. अध्यक्षीणबाईंचा मान.

टेम्पोत पोती चढवताना निवृत्ती म्हणाला होता, "पर्यटकांना काय कळतंय गं? सुवासिक आसं लिवलं की त्यांना वास येतोय." मी खो खो हसले होते.

मग एके दिवशी दुपारी राजेंद्रचा फोन आला.

"ताई, तांदळात काय टाकता तुम्ही?"

"म्हंजी?"

"पुण्याच्या एक गिऱ्हाईक बाई पाकीट परत घेऊन आल्यात. म्हणतात, मागच्या पाकिटाला अजिबात वास नव्हता आणि या वेळी कुकर उघडला तर घरभर. एसेन्स मारलाय म्हणतात. त्यांनी लॅबमधून तपासूनही आणलंय. फोटो टाकतो, बघा."

फोटोत इंग्रजी छापील कागद होता आणि एका ओळीभोवती लाल पेनाने गोल काढला होता. मी ती ओळ एकेक अक्षर जुळवत मोठ्यानं वाचली. टू ॲसिटाइल वन पायरोलिन. पुढे डिटेक्टेड, म्हणजे आढळले. असलं नाव मी फक्त फवारणीच्या औषधाच्या डब्यावर बघितलं होतं.

"कंच्या पोत्यातलं पाकीट?" मी विचारलं.

"पोपटी चिंधीवालं. तुमच्यानंतर तेच फोडलं."

पोपटी चिंधी म्हणजे भामाबाई. ही वरच्या ठाकरवाडीतली, एकटी राहते. डोंगराच्या पोटाला तिची दोन लहानशी खाचरं आहेत. तिला गटात घ्यायचं ठरलं तेव्हा अंबूबाईनं नाक मुरडलं होतं. "वाडीतलं भात, कसलं काय आसतंय त्ये," असं तिच्या तोंडावर म्हणाली होती. मीच भांडून तिला घेतली होती. वाडीतून गटात आलेली ती पहिलीच बाई. तिचं नीट झालं तर आणखी चौघी यायच्या होत्या. म्हणून तर मला जास्त राग आला. जिची बाजू घ्यावी तिनंच आपलं तोंड काळं करावं?

बायका माझ्या ओट्यावर जमल्या. मी ते नाव पुन्हा वाचून दाखवलं.

"क्येमिकल हाय त्ये," अंबूबाई म्हणाली. "मी आधीच बोल्ले हुते."

"सोमवारी मीटिंग घेऊ," मी म्हणाले. "जिच्या पोत्यात खोट निघंल ती गटाच्या भाईर. मग ती कुणी का आसंना."

हे वाक्य मला इतकं आवडलं की बायका जाताना दारात पुन्हा म्हटलं.

पण नुसत्या कागदावर मी कुणाला बाहेर काढणारी नाही. संशय घ्यायचा तर पुरा घ्यावा. घोरावाडीला माझ्या शाळेतल्या मैत्रिणीची मुलगी राहते, शुभदा. तिनं सेंद्रिय रसायनशास्त्रात एम.एस्सी. केलंय आणि खाद्यपदार्थ तपासायच्या एका लॅबमध्ये नोकरीला आहे. तिला रविवारी बोलावलं. सकाळच्या लोकलनं कान्ह्याला उतरून, जीपमध्ये चेंगरून बिचारी आली. चहा हातात द्यायच्या आधी मी फोन तिच्यापुढे धरला.

तिनं वाचलं आणि हसायला लागली.

"मावशी, याला घाबरलात? इंद्रायणीचा वास म्हणतात तो हाच. आंबेमोहोर, बासमती, सगळ्या वासाच्या तांदळात हा असतो."

"मग येवढं मोटं नाव कशाला?"

तिनं माझं सूप ओढलं आणि तांदळाचे दाणे मांडायला घेतले. पाच दाण्यांचं एक कडं केलं. "हे पाच कोनांचं कडं, म्हणजे पायरोलिन. या कोनात नायट्रोजन बसतो. मोजायला इथून सुरुवात करायची, म्हणून तो एक नंबर. बाकी चार कोनांत कार्बन. एक नंबरपासून दोन नंबरपर्यंत दुहेरी जोड आहे, तो कुठे सुरू होतो ते नावातला 'वन' सांगतो. आणि दोन नंबरच्या कोनाला ही ॲसिटाइलची शेपटी." तिनं आणखी तीन दाणे बाजूला लावले. "झालं टू ॲसिटाइल वन पायरोलिन. हे नाव म्हणजे पत्ता आहे, मावशी. कोण कुठल्या कोनाला बसलंय ते सांगतो. आकडा बदला, वस्तू बदलली."

मला ते पटलं. आमच्याकडेही वरची आळी, खालची आळी, तिसरं घर असंच सांगतात. पण माझ्या डोक्यातला किडा गप्प बसेना.

"पर ह्यो वास भाताच्या अंगातला का वरनं लावल्याला, त्ये लिवलंय का ह्या नावात?"

"नाही. नाव फक्त वस्तू काय आहे ते सांगतं. कुठून आली ते सांगत नाही."

"बाटलीत मिळतो?"

"मिळतो."

"आन झाडपाल्यात?"

"एक पान असतं बघा, लांब, हिरवंगार. साध्या भातात शिजताना टाकतात, बासमतीचं पान म्हणतात काही लोक. त्यात भरपूर असतो."

ते पान मी बघितलं होतं. भामाबाईच्या दारात, तेलाच्या जुन्या डब्यात लावलेलं. मी तिला विचारलंसुद्धा होतं, हे कसलं गवत म्हणून.

मी उठलेच. चपला घालेपर्यंत शुभदा मागून सांगत होती, "मावशी, ऐका तरी. 'आढळले' म्हणजे गुन्हा आढळला असं नाही. इंद्रायणीत हा असायलाच हवा. उलट नसेल तर विचारा!"

तिचं ते शेवटचं वाक्य मी ऐकलं, पण कानावर घेतलं नाही. तिला जेवायला वाढायला सुनेला सांगितलं, घरात शिल्लक असलेल्या माझ्या पोत्यातला ओंजळभर तांदूळ पदराला बांधला आणि वाडीची वाट धरली. खोटा तांदूळ ओळखायचा तर शेजारी खरा पाहिजे ना.

डबा दारातच होता. पानं तरारलेली. त्यातली दोन-तीन बुडाशी कापलेली. ताजी कापलेली. मला मनातून जवळजवळ आनंद झाला, आता लपवायला आली तर बघतेच म्हणून. भामाबाई अंगणात लाकडं फोडत होती.

"मावशी, ही पानं कशाला कापली?"

"काल लेक आलती. रेशनच्या भातात घातली. का गं?"

"आन पोत्यात किती घातली?"

तिनं कुऱ्हाड खाली ठेवली. मी सगळं सांगितलं. पाकीट, लॅब, कागद, ते नाव, सोमवारची मीटिंग. सांगताना माझा आवाज चढत गेला. शेजारच्या घरातल्या बायका दारात येऊन उभ्या राहिल्या, तरी मी थांबले नाही.

"मला न्हाई येत तुजं त्ये नाव," ती म्हणाली. "माजं भात मी लावलं, मी कापलं, उखळात मी कांडलं. गिरणीला बी न्हेलं न्हाई. आता तू म्हन्तीस म्हंजी मी चोर. तर हितंच शिजव. तुज्या हातानं शिजव आन मग बोल."

"शिजवतेच. माजा तांदूळ बी आनलाय."

तिनं चूल पेटवली. दोन सारखी पातेली मांडली. एकात तिच्या कणगीतला तांदूळ, एकात माझ्या पदरातला. मी दोन्ही तांदूळ तीन-तीन पाण्यांनी चोळून धुतले. वरून काही लावलं असेल तर जाऊ दे वाहून. पाणी मीच मोजून घातलं, दोन्हीकडे सारखं. तिला चुलीजवळसुद्धा येऊ दिलं नाही. उंबऱ्यात बसून ती माझ्याकडे पाठ करून डोंगराकडे बघत होती.

पहिला वास आला तेव्हा मी मान वळवली. दुसरा आला तेव्हा दारातल्या बायकांतली एक म्हणाली, "भामे, लय झ्याक वास सुटलाय गं." मी डावीकडचं झाकण काढलं. भामाबाईचा भात मऊ, चिकट, एकमेकाला धरून बसलेला. इंद्रायणी अशीच शिजते, हे आमच्याकडच्या शेंबड्या पोरालाही माहीत आहे. आणि तो वास तांदूळ तीनदा धुतल्यावरही झोपडीभर होता.

मग मी उजवीकडचं झाकण काढलं.

माझा भात मोकळा होता. दाणा दाणा वेगळा, लग्नातल्या पुलावासारखा. मी वाकून वास घेतला. वाफेचा आला. पुन्हा घेतला. पळीनं उलटसुलट केला आणि तिसऱ्यांदा नाक घातलं. काही नाही. नुसता शिजलेला भात.

भामाबाई कधी उठून मागे उभी राहिली, मला कळलं नाही. तिनं दोन्ही पातेल्यांत बघितलं. बोलायला तिच्याकडे भरपूर होतं. तिनं इतकंच म्हटलं, "पानी कमी पडलं आसंल, बाय."

पाणी मी मोजून घातलं होतं. तिनं ते बघितलेलं नव्हतं, पण तिलाही ते माहीत होतं आणि मलाही. मला इतकी लाज वाटली की तिच्याकडे बघवेना. मी तिला सगळ्या वाडीसमोर चोर म्हणाले होते आणि तीच मला झाकायला बघत होती.

"मावशी, दोनी पातेली न्हेऊ का?" एवढंच मला विचारता आलं.

उतरताना डोकं नको तिथे फिरत होतं. सुगीला झोडणीच्या वेळी माझ्या हाताला वास येत होता, हे मला पक्कं आठवत होतं. संध्याकाळी आंघोळ करूनही येत होता. म्हणजे खाचरातलं भात खरं होतं. मग ते भरडायला गेलं. कामशेतच्या गिरणीला. त्या दिवशी मी बहिणीकडे साखरपुड्याला गेले होते. गेला होता निवृत्ती, एकटा. परत आला तर पोती भरून शिवलेली. मी वरून आपली लाल चिंधी बांधली. चांगला तांदूळ विकायला आणि कणी घरात खायला, हा आमच्याकडचा रिवाज. तो तांदूळ मी एकदाही शिजवला नव्हता. गावभर सगळ्यांच्या भांड्यात बोट बुडवणारी मी, आजच्या आधी माझ्याच पोत्याचं तोंड सोडून बघितलं नव्हतं.

आणि पुण्याच्या बाई काय म्हणाल्या होत्या? मागच्या पाकिटाला अजिबात वास नव्हता. ते पाकीट पहिल्या पोत्यातलं. लाल चिंधीतलं. राजेंद्रनं मला हे फोनवरच सांगितलं होतं. मी फक्त पुढचं ऐकलं.

घरी पोचले तेव्हा शुभदा निघून गेली होती. निवृत्ती जेवायला बसत होता. मी ताट मांडलं, दोन्ही पातेली त्याच्यासमोर ठेवली, झाकणं काढली आणि दोन्हीतला थोडा थोडा भात वाढला. तिचा डावीकडे, माझा उजवीकडे.

आमच्या घरात कालवणात मीठ जरा कमी पडलं तरी चौकशी होते. ताटात नवीन लोणचं दिसलं तर कुणी दिलं, का दिलं, सगळं तो विचारतो. त्या दिवशी त्यानं ताटाकडे बघितलं, पातेल्यांकडे बघितलं आणि मान खाली घातली. दोन पातेली कशाला, हे विचारलं नाही. परकी भांडी कुणाची, हेही विचारलं नाही. डावीकडच्या भातावर आमटी ओतली आणि जेवायला लागला. उजवीकडच्या भाताला त्यानं बोटसुद्धा लावलं नाही.

मी त्याच्यासमोर बसून राहिले. त्याचं जेवण संपेपर्यंत मला एकही प्रश्न विचारायचा राहिला नव्हता.

तो हात धुवायला उठला तेव्हा मी म्हणाले, "उद्या मीटिंग हाय. ही पातेली वाडीत परत द्यायच्या आधी बायकांना दावायचीत. मला दोन उचलत न्हाईत. लाल चिंधीवालं तुमी घ्या."