सरकी आणि सुतळीचा नकाशा

एकोणीसशे अठ्ठावन्न साल होतं. अकोल्याच्या मोजणी कचेरीत देवमन नावाचे ट्रेसर होते. दिवसभर शेतांच्या हद्दी पातळ कागदावर उतरवायच्या, हे त्यांचं काम. घरी आल्यावर मात्र ते आवाजांच्या हद्दी आखत.

ते बायकोसाठी. काचबिंदूनं भागीरथाचे दोन्ही डोळे गेले होते. मोर्णा नदीपलीकडे जुन्या शहरात नवं बुद्धविहार झालं होतं आणि तिथल्या बायकांकडून वंदना तिनंच पाठ करून घेतली होती. पण तिथं जायचं तर नवऱ्याचा हात धरूनच.

"आंधयी आली, सरका, म्हणतात बाया," ती एकदा म्हणाली. "मले एकटीनं जायचं हाय. एक डाव तरी."

"बैलबंडीखाली येशीन."

"मंग रस्ता सांगा. दुनियेचे नकाशे काढता, बायकोचा एक निघत नाही?"

देवमनना ते लागलं. मोजणी हिवाळ्यातच करायची, हा खात्याचा शिरस्ता. रानं मोकळी असतात, ऊन सोसतं. त्यांनीही तसंच केलं. दिवाळी सरल्यावर रोज संध्याकाळी डोळ्यांना पंचा बांधून ते काठीनं रस्ता चाचपत चालू लागले. लोक हसत.

"काहो देवमनराव," कचेरीतले पंजाबराव विचारत, "कोंबड्याच्या बांगेची हद्द कोठवर लागली?"

"तुमच्या घोरण्याची लागली. पार ठेसनापर्यंत."

जुन्या धोतरावर त्यांनी नकाशा केला. रस्ता म्हणजे डिंकानं चिकटवलेली सुतळी. वळणावर जिनिंग, म्हणजे कापसातली सरकी काढायचा कारखाना होता. त्याची घरघर जिथवर ऐकू येई तिथवर कपाशीची सरकी लावली, लांब विरळ आणि जवळ दाट. नदीवर धोबी कपडे आपटत, तिथं ज्वारीचे दाणे. भागीरथा दुपारभर बोटं फिरवत बसे. "सरकी दाट झाली का वयायचं. मंग ज्वारी, मंग पूल."

माघात ती एकटी निघाली आणि न चुकता विहारात पोचली. देवमन लांबून मागं होते. घरी आल्यावर ती म्हणाली, "तुमी मागं होते. खोकलले तुमी. बुद्धजयंतीले मागं येऊ नका."

वैशाखी पौर्णिमेला ते आधीच जाऊन विहाराच्या दारात उभे राहिले. बायका जमल्या. भागीरथाची बहीण मैनाबाई सारखी रस्त्याकडे बघत होती. ऊन चढलं, सगळं गाव चिडीचूप झालं आणि त्या शांततेत देवमननी जिनिंगच्या दिशेनं कान दिला. कापूस संपला की जिनिंग बंद होतं. चैत्रातच झालं होतं. मोर्णा आटली होती, धोबी विहिरीवर गेले होते. अकोल्यात जन्म गेलेल्या माणसाला हे ठाऊक नव्हतं असं नाही. पण त्यांचा नकाशा हिवाळ्याचा होता.

ते धावत सुटणार तोच कोपऱ्यावरून बंडी आली. घरघर कानी न पडल्यानं भागीरथा वळलीच नव्हती. सरळ चालत ओस पडलेल्या कापूस बाजारात जाऊन पोचली होती. हिवरखेडचे शेतकरी महादेवराव यांनी तिला तिथं पाहिलं आणि बंडीत बसवून आणलं. सगळ्यांदेखत हात धरून उतरवलं.

"उतर माय, हयू. लय भटकली बिचारी उन्हात."

भागीरथानं वंदना म्हटली. आवाज हलला नाही. परतताना देवमन म्हणाले, "उन्हाळ्याचा येगळा काढतो."

"राहू द्या."

त्यांनी काढला तरी. पुढच्या वैशाखात भर उन्हात फिरून काढला, मग पावसाळ्याचाही. तिनं त्यांवर बोट ठेवलं नाही.

एकसष्टमध्ये देवमनची अमरावतीला बदली झाली. "हे घर मले पाठ हाय," असं म्हणून भागीरथा अकोल्यातच राहिली. विहारात मैनाबाई तिला हात धरून नेई. बहिणीचा हात तिला चालला. नवऱ्याचा तिनं पुन्हा धरला नाही. सहासष्टच्या थंडीत ती गेली. वंदना शिकवणं पुढं मैनाबाईकडे आलं. पंजाबराव वरूडला मुलाच्या संत्राबागेत राहायला गेले. महादेवराव म्हातारपणीही हिवरखेडच्या पारावर सांगत, एका बुद्धजयंतीला आपल्या हातून पुण्य घडलं.

देवमन अमरावतीतच एका खोलीत राहिले. संध्याकाळी पंचा बांधून गल्ल्यांतून हिंडत. आधी पोरं मागं लागायची, मग त्यांनाही कंटाळा आला. अमरावतीचे तिन्ही ऋतूंचे नकाशे त्यांनी पुरे केले. एकोणसत्तरमध्ये ते वारले, तेव्हा घरमालकानं खोली झाडून दुसऱ्याला दिली.