हरियलचे ऐंशी रुपये

त्या वर्षी पंजाबात पाऊस इतका झाला की नद्या गावांत शिरल्या, आणि चंडीगडच्या सेक्टर तीसमध्ये आमच्या क्वार्टरपुढचे गवत गुडघ्याच्या वर गेले. अठ्ठ्याऐंशी साल होते. एरवी रामसुमेर माळी येऊन विळ्याने गवत कापायचा. पण गोळीबाराच्या बातम्या वाढल्या तसा तो बायकामुलांना घेऊन बस्ती जिल्ह्यातल्या आपल्या गावी निघून गेला. त्यातच वस्तीच्या कमिटीने नोटीस लावली की ज्याने त्याने आपल्या दारातले गवत बुटके ठेवावे. उंच गवतात कोणी काही ठेवून गेले तर दिसायचे नाही. 'काही' म्हणजे काय ते सगळ्यांना माहीत होते. ट्रान्झिस्टर, डबा, पिशवी, बेवारशी कशालाही हात लावू नका असे रेडिओ रोज सांगत होता.

शेजारच्या क्वार्टरमध्ये बीजी राहायच्या. नाव गुरबचन कौर, पण सारी वस्ती त्यांना बीजीच म्हणे. त्यांचे सरदारजी आणि आमचे हे एकाच प्रयोगशाळेत नोकरीला. सरदारजी स्टोअरमध्ये, हे काचेच्या नळ्या फुंकण्याच्या कामावर. फलटण सोडून आम्हाला तिथे एकोणीस वर्षे झाली होती, त्यातली अकरा बीजींच्या शेजारात गेली. दोन घरांत मेंदीचे एक कुंपण होते आणि त्यात जायला-यायला आम्हीच पाडलेले एक भोक होते.

"एक मशीन लेते हैं, रतन," बीजी म्हणाल्या. "आधी तेरी, आधी मेरी."

आम्ही सेक्टर सत्तावीसच्या बाजारात गेलो. दुकानात हिरव्या रंगाचे एक देखणे यंत्र होते. पुढे गोल फिरणारी पाती, मागे ढकलायला लांब दांडा. वर 'हरियल' असे लिहिलेले. किंमत पाचशे साठ. बीजी दुकानातून बाहेर पडायला वळल्या तेवढ्यात माझी नजर भिंतीवरच्या कागदावर गेली. हिंदीत छापले होते. दसरा ते दिवाळी या दिवसांत हरियल घ्या, दुकानदाराची पावती आणि खोक्यावरचे पोपटाचे चित्र कापून कंपनीला पाठवा, ऐंशी रुपये मनीऑर्डरने परत मिळतील.

मी ते मोठ्याने वाचून दाखवले. बीजींना फक्त गुरुमुखी वाचता यायची.

"पक्का?"

"पक्का. इथं लिहिलंय."

आता हे सांगायला हवे की मला अक्षरे आली ती तिशी उलटल्यावर, माझ्या लेकीच्या, नयनाच्या, पहिलीच्या हिंदी पुस्तकातून. ती मोठ्याने वाचायची आणि मी पोळ्या लाटता लाटता तिच्या बोटाकडे बघायची. पुढे माझे मी वर्तमानपत्राचे मथळे वाचू लागले. पण घरात कोणी माझ्या वाचनावर भिस्त ठेवत नसे. बीजींनी त्या दिवशी ठेवली. ओढणीच्या गाठीतून दोनशे ऐंशी रुपये काढून त्यांनी माझ्या हातावर ठेवले, ते मी वाचले म्हणून. ठरले होते ते असे की परत आलेल्या पैशांतले चाळीस त्यांचे, चाळीस माझे. पावती माझ्या नावावर झाली, रत्नप्रभा सदाशिव भोईटे.

यांना सांगितले तेव्हा हे चष्मा पुसत होते.

"कंपनी पैसे घेते हे ऐकलंय. परत देते हे कधी ऐकलं नाही बुवा."

"छापलंय त्यांनी."

"तू वाचलंस ना? मग झालं," हे म्हणाले आणि हसले. ते हसणे मला लागले.

दसऱ्याचा दिवस होता. यंत्र पाटावर ठेवले, रांगोळी काढली. आमच्याकडे हत्याराची पूजा करतात तशी त्याची पूजा केली. पात्यांना हळदकुंकू, दांड्याला झेंडूची माळ, दांड्याच्या बुडाशी पितळेची पट्टी होती तिला कुंकवाचे बोट. आणि नव्या वस्तूची पावतीही देवापुढे ठेवायची आमची रीत आहे. ओल्या कुंकवाने मी तिच्यावर मधोमध चांगले ठसठशीत स्वस्तिक काढले. बीजी कुंपणाच्या भोकातून येऊन बघत उभ्या होत्या. त्यांनी लाडू खाल्ला आणि यंत्राला हात जोडले.

दिवाळीनंतर मी स्वतः फॉर्म भरला. तीन ठिकाणी सही हवी होती. वहीच्या पाठीमागे पंधरा वेळा सराव केला, मग तीन सह्या केल्या. पोपटाचे चित्र कापले, पावती जोडली आणि रजिस्टर केले. पत्ता इंडस्ट्रियल एरिया, फेज दोन. सायकलरिक्षाने अर्ध्या तासाची वाट, पण कागदावर लिहिले होते की अर्ज फक्त रजिस्टर पोस्टानेच स्वीकारले जातील.

नोव्हेंबर संपता संपता उत्तर आले. इंग्रजीत होते. नयना कॉलेजातून आल्यावर तिला दिले.

"आई, रिजेक्ट कर दिया," ती म्हणाली. तिला मराठी सगळे कळायचे, पण तोंडून हिंदीच यायची. "लिखा है, पावती पर मशीन का नंबर पढ़ा नहीं जाता. लाल स्याही से छेड़छाड़ की गई है. पंद्रह दिसंबर तक साफ़ पावती भेजो, नहीं तो दावा ख़त्म."

"शाई नाही ती. कुंकू आहे."

"कंपनी को थोड़ी पता है."

पाकिटात माझी पावती परत आली होती. नंबराच्या चार आकड्यांवर माझे स्वस्तिक बसले होते. दुकानदाराकडे गेले तर तो म्हणाला, दुसरी पावती द्यायची परवानगी नाही. घरी येऊन मी योजनेचा कागद पुन्हा काढला. अगदी तळाला, मुंगीएवढ्या अक्षरांत एक ओळ होती. पावतीवर कोणतीही खूण, डाग किंवा फेरफार नसावा. ती ओळ मी दुकानात वाचलीच नव्हती. मोठी अक्षरे वाचली आणि थांबले.

यांनी नुसती भुवई उंचावली. बोलले असते तर बरे झाले असते.

मी भोकातून पलीकडे गेले. बीजी उन्हात बसून मोहरीची भाजी निवडत होत्या. मी सगळे सांगितले, ती मुंगीएवढी ओळसुद्धा. म्हटले, तुमचे चाळीस मी माझ्या पदरचे देते.

बीजींनी भाजीचे देठ तोडत ऐकून घेतले.

"चालीस का क्या है," त्या म्हणाल्या. "मैंने मोहल्ले में सबको बता दिया है कि रतन पढ़ लेती है. ढिल्लों की बीवी अपनी चिट्ठी लेकर आने वाली है. अब मैं उसको क्या बोलूँ?"

"नंबर मशीन पे भी होगा ना?"

"आहे. पितळेच्या पट्टीवर."

"तो मशीन ही ले चलते हैं. काग़ज़ पे लाल है तो लोहा देख लें."

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला आम्ही सायकलरिक्षा केली. पात्यांनी कोणाला लागू नये म्हणून मी यंत्र जुन्या चादरीत गुंडाळले आणि सुतळीने बांधले. ते आमच्या पायांशी आडवे ठेवले. दांडा रिक्षाच्या बाहेर हातभर आला होता.

मोठ्या चौकात वाळूच्या पोत्यांमागे केंद्रीय पोलिसांचा नाका होता. चादरीत गुंडाळलेली लांब वस्तू आणि तिच्यामागे बसलेल्या दोन बायका बघून एका जवानाने हात वर केला. दुसऱ्याने बंदूक सरळ केली. रिक्षावाला खाली उतरून बाजूला जाऊन उभा राहिला, जणू रिक्षा त्याची नव्हतीच.

"क्या है इसमें?"

"घास काटने की मशीन है, पुत्तर," बीजी म्हणाल्या.

"चादर में?"

"ठंड है ना."

बंदूक समोर होती, तरी मला हसू आले. जवानाला आले नाही. त्याने आम्हाला उतरवले आणि चादर सोडायला लावली. मी सुतळीची गाठ सोडायला लागले, ती सुटेना. शेवटी दाताने सोडली. यंत्र उघडे झाले. पात्यांवर हळद, दांड्याला वाळलेली झेंडूची माळ.

"चलाकर दिखाओ."

चौकाच्या गोलात गवत होते. बीजींनी ओढणी कमरेला खोचली आणि यंत्र ढकलत नेले. खर्र खर्र आवाज झाला, हिरवा चुरा उडाला आणि मागे गालिच्यासारखा पट्टा उमटला. जवान बघत राहिला. मग त्याने बंदूक जोडीदाराकडे दिली आणि म्हणाला, "लाओ." तो गेला, परत आला, पुन्हा गेला. जोडीदाराने विचारले की माझी पाळी कधी. दहा-बारा मिनिटांत अर्धा गोल साफ झाला.

"गाँव में बापू दराँती से काटते हैं," तो घाम पुसत म्हणाला. "कितने की है?"

"पाँच सौ साठ," बीजी म्हणाल्या. "अस्सी वापस. वही लेने जा रहे हैं."

"मिलेंगे?"

बीजींनी माझ्याकडे बोट केले. "इसने पढ़ा है."

हरियलची कंपनी म्हणजे पत्र्याची एक लांब शेड होती. आत यंत्रांचा खडखडाट. कोपऱ्यात काचेची खोली आणि तिथे मफलर गुंडाळलेले सूरी साहेब. त्यांनी आमचे पत्र वाचले, पावती उलटसुलट केली.

"बहनजी, नियम तो नियम है. नंबर पर लाल रंग है. ऑडिटवाले पूछेंगे कि किसने मिटाया."

"मिटवलं नाही, साहेब. पूजा केली."

"पूजा रसीद की?"

"नव्या वस्तूची करतात आमच्याकडे."

"आपके यहाँ करते होंगे." त्यांनी पावती परत सरकवली. "हमारे यहाँ नंबर साफ़ चाहिए."

मी उठले. पावती उचलताना काचेतून बाहेर नजर गेली. तिथे, अगदी दारासमोर, लोखंडी पत्रा कापणारे एक थोरले यंत्र होते. त्याला लाल-पिवळा दोरा बांधला होता, आणि कपाळावर तेलातला शेंदूर. ओघळ खालपर्यंत आले होते. पंजाबात दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी कारखान्यांतून विश्वकर्म्याची पूजा होते, ते मला एकोणीस वर्षांत ठाऊक झाले होते. शेंदराखाली एक पट्टी होती.

"साहेब," मी म्हटले, "त्या यंत्राचा नंबर काय आहे?"

"कौन-सी?"

"ती समोरची. जरा वाचून दाखवा."

सूरी साहेब बाहेर आले. पट्टीकडे वाकले, चष्मा वर केला, खाली केला. शेंदूर चांगला बोटभर जाड होता. बाजूचा कामगार काम थांबवून बघू लागला. बीजी माझ्यामागे उभ्या राहून ओढणीत तोंड घालून हसत होत्या, त्यांचे हलते पोट माझ्या पाठीला लागत होते.

"ये तो बाऊजी ने ख़ुद लगाया है," कामगार म्हणाला. "मालिक ने."

"ऑडिटवाल्यांनी विचारलं का मग," मी म्हटले, "कुणी मिटवला म्हणून?"

सूरी साहेबांनी माझ्याकडे बघितले, मग यंत्राकडे, मग पुन्हा माझ्याकडे. ते हसले नाहीत, पण त्यांचा मफलर हलला.

"मशीन लाई हो?"

मी आमची पितळेची पट्टी पदराने पुसली. देवाचे कुंकू पुसताना मनात चर्र झाले, पण पुसले. खाली आकडे निघाले. मीच वाचले, "चव्वेचाळीस सतरा." त्यांनी रजिस्टर उघडले. पहिल्याच पानावर लाल स्वस्तिक होते. ते त्यांनी पटकन उलटले. चव्वेचाळीस सतरा, सत्तावीसच्या बाजारातल्या दुकानात पाठवले, तारीख बरोबर. त्यांनी एका कागदावर तसे लिहून शिक्का मारला आणि पावतीला टाचला.

मी कागद टेबलावर ठेवून हात जोडले.

"यहाँ मत छोड़िए," ते म्हणाले. "हाथ से हम नहीं ले सकते. रजिस्ट्री से भेजिए."

पोस्ट त्यांच्या फाटकाबाहेर, रस्त्याच्या पलीकडे होते. आम्ही पलीकडे गेलो, पाकीट घेतले आणि त्याच पत्त्यावर रजिस्टर केले. खिडकीतल्या बाईंनी पत्ता वाचला, रस्त्यापलीकडच्या पाटीकडे बघितले आणि न बोलता शिक्का मारला.

तेरा डिसेंबरला धर्मपाल पोस्टमन दाराशी आला. यांची त्या दिवशी रजा होती, व्हरांड्यात ऊन खात बसले होते. धर्मपालने मनीऑर्डर काढली आणि सवयीने शाईची डबी उघडून माझ्यापुढे धरली. आजवर मी अंगठाच दिला होता.

"पेन द्या," मी म्हटले.

यांनी आपल्या खिशातले काढून दिले. मी सावकाश सही केली. मग हे म्हणाले, "वेलांटी झकास आली," आणि पेन परत मागितलेच नाही.

चाळीस रुपये घेऊन मी भोकातून गेले तर बीजींच्या अंगणात ढिल्लोंची बायको बसली होती, मांडीवर पत्र. बीजींनी पैसे न मोजता गाठीत बांधले आणि ओढणीतून एक नवा छापील कागद काढला. खताची पिशवी घेतली तर फवारणीचा पंप अर्ध्या किमतीत, असे काहीतरी होते. चित्रात भला मोठा गुलाब होता.

"पहले ये," बीजी म्हणाल्या. "फिर इसकी चिट्ठी. पढ़, रतन."

मी खाटेवर बसले, कागद उन्हात धरला आणि तळाच्या मुंगीएवढ्या ओळीपासून सुरुवात केली.